ई. कृष्ण अय्यर : एका कलेचे वकीलपत्र

महाराष्ट्राबाहेर स्थायिक झालेल्या मराठी कुटुंबांतील कितीतरी मुली आज भरतनाट्यम् शिकतात. अरंगेट्रम हा तमिळ शब्द आपल्या घरांतून रूढ झाला आहे. मुलीच्या पहिल्या जाहीर नृत्याची निमंत्रणपत्रिका आईवडील हौसेने छापून घेतात, आजोबा-आजी गावाहून त्यासाठी मुद्दाम येतात आणि त्यात कोणाला काही वावगे वाटत नाही. परंतु शंभर वर्षांपूर्वी मद्रासमधील एखाद्या प्रतिष्ठित घराण्यातील कन्येने हेच नृत्य शिकण्याची इच्छा प्रकट केली असती, तर तिच्या विवाहाची आशाच घरच्यांना सोडावी लागली असती. हे स्थित्यंतर आपोआप घडून आले नाही. रुक्मिणीदेवी अरुंडेल आणि बालसरस्वती ही दोन नावे या संदर्भात सर्वतोमुखी आहेत व ते योग्यच आहे. तथापि या दोघींसाठी रंगमंच मोकळा करून देणारा, वृत्तपत्रांतून लेखणी झिजविणारा आणि लोकनिंदा पत्करून स्वतः पायांत घुंगरू बांधणारा एक वकील होता. त्याचा परिचय आपल्या वाचकांस करून द्यावा, असे आम्हांस वाटले. ते गृहस्थ म्हणजे ई. कृष्ण अय्यर.

त्यांच्या कार्याकडे वळण्यापूर्वी या नृत्याचे आपल्याशी असलेले नाते ध्यानात घेतले पाहिजे. सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात व्यंकोजीराजांनी तंजावरला भोसल्यांची गादी स्थापिली. ती एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत टिकली. बृहदीश्वराच्या मंदिराच्या भिंतीवर भोसलेकुळाचा विस्तृत मराठी शिलालेख आजही वाचावयास मिळतो. नोकरीच्या निमित्ताने दक्षिणेत राहण्याचा योग आलेल्या आमच्यासारख्यांना तो पाहताना ऊर भरून येतो. याच घराण्यातील सरफोजीराजे दुसरे (राज्यकाल १७९८ ते १८३२) यांच्या दरबारी चिन्नय्या, पोन्नय्या, शिवानंदम् आणि वडिवेलु हे चार बंधू होते. अलारिप्पूपासून तिल्लाण्यापर्यंत भरतनाट्याच्या कार्यक्रमाचा जो क्रम आज सर्वत्र पाळला जातो, तो या चौघांनी सिद्ध केला. खुद्द सरफोजीराजांच्या नावावर नृत्यासाठी रचलेली मराठी पदे आहेत आणि तंजावरच्या सरस्वती महाल ग्रंथालयाने ती प्रसिद्धही केली आहेत. या नृत्याचे जुने नाव सदिर. ते दरबाराच्या ‘सदर’ या शब्दावरून पडले, असे काही अभ्यासक मानतात.

१८५५ साली तंजावरची गादी खालसा झाली आणि या कलेचा राजाश्रय तुटला. नर्तकी, त्यांना शिकविणारे नट्टुवनार आणि त्यांचे साथीदार पोटासाठी पांगले. कित्येक मद्रासला आले. सयाजीराव गायकवाडांचा विवाह १८८० मध्ये तंजावरच्या राजकन्येशी झाला, तेव्हा काही नर्तकी व त्यांचे गुरुजन बडोद्याच्या दरबारी दाखल झाले. मागे राहिलेल्यांना देवळांचा व जमीनदारांचा आधार उरला, पण तोही दिवसेंदिवस आटत चालला.

हे नृत्य प्रामुख्याने देवदासींच्या घराण्यांत चालत आले होते. देवाला वाहिलेल्या या स्त्रिया गायनात व नृत्यात निपुण असत. पुष्कळ जणी सुशिक्षितही असत. देवळाच्या इनामावर त्यांचा निर्वाह चाले. परंतु आश्रय आटू लागला तसे त्यांचे जिणे धनिकांच्या मर्जीवर अवलंबून राहू लागले आणि लहान मुलींना देवाला वाहण्याच्या रूढीतून शोषणाचे प्रकार वाढले. गोमंतकातील व कोकणातील भाविणी-कलावंतिणींचा इतिहास ज्यांना ठाऊक आहे, त्यांना हे अधिक सांगावयास नको. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकात समाजसुधारकांनी व ख्रिस्ती मिशनऱ्यांनी मद्रास इलाख्यात नाचाच्या बैठकींविरुद्ध चळवळ उभारली. सुशिक्षितांनी अशा बैठकींस जाऊ नये, लग्नकार्यात नाच ठेवू नये, असा प्रचार सुरू झाला. रूढी निंद्य होती यात शंका नाही. पण सुक्याबरोबर ओलेही जळू लागले होते आणि विसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकापर्यंत कला व रूढी यांतील भेद सामान्य माणसाच्या मनातून जवळजवळ पुसला गेला.

अशा काळात कृष्ण अय्यर मद्रासमध्ये वकिली करू लागले. त्यांचा जन्म ९ ऑगस्ट १८९७ रोजी तिरुनेलवेली जिल्ह्यातील कल्लिडैकुरिच्ची या गावी झाला. मद्रासच्या ख्रिश्चन कॉलेजात त्यांनी पदवी घेतली व पुढे कायद्याची परीक्षा देऊन मद्रासच्या उच्च न्यायालयात व्यवसाय आरंभिला. संगीताची आवड लहानपणापासूनची. स्वातंत्र्याच्या चळवळीतही त्यांनी उडी घेतली. त्या पिढीतील अनेकांप्रमाणे त्यांच्या लेखी देशाचे स्वातंत्र्य आणि देशाची कला हे दोन वेगळे विषय नव्हते.

मद्रासमध्ये सुगुण विलास सभा नावाची हौशी नाट्यसंस्था होती. वकील, डॉक्टर, सरकारी अधिकारी अशी प्रतिष्ठित मंडळी तिच्या नाटकांत कामे करीत आणि स्त्रियांच्या भूमिका अर्थातच पुरुष करीत. बालगंधर्वांना डोक्यावर घेणाऱ्या मराठी रसिकाला त्यात नवल वाटणार नाही. कृष्ण अय्यर तेथे स्त्रीभूमिका करीत. कालिदासाच्या मालविकाग्निमित्रातील मालविकेला राजासमोर नृत्य करावे लागते. ती भूमिका त्यांच्या वाट्यास आली आणि नृत्याचे शास्त्रशुद्ध शिक्षण घेण्याची निकड त्यांना भासली. मधुरांतकम् जगदंबाळ या नर्तकीकडून त्यांनी प्रारंभीचे धडे घेतले. पुढे मेलत्तूर येथील नटेश अय्यर यांच्याकडे त्यांनी अभ्यास केला. मेलत्तूर हे तंजावर जिल्ह्यातील खेडे. नरसिंहजयंतीच्या सुमारास तेथे पुरुषांनीच करावयाची भागवतमेळ्याची नृत्यनाटके होत. स्त्रीपात्रेही ब्राह्मण पुरुषच रंगवीत. नृत्य ही काही एकाच जातीची वा एकाच व्यवसायाची मिरासदारी नाही, याचे जिवंत उदाहरण कृष्ण अय्यरांना त्या खेड्यात सापडले.

यानंतर त्यांनी जे केले ते करावयास मोठे धैर्य लागते. उच्च न्यायालयाचा हा वकील स्त्रीवेष धारण करून, घुंगरू बांधून ठिकठिकाणी सदिर नृत्याचे कार्यक्रम करू लागला. सुशिक्षित, कुलीन गृहस्थ ही कला शिकतो, जाहीरपणे सादर करतो आणि त्याने त्याच्या चारित्र्यास बाध येत नाही, हे लोकांना डोळ्यांनी दिसावे, हा त्यामागील हेतू होता. न्यायालयात साक्षीपुरावा लागतो हे वकिलास कोणी सांगावे? या खटल्यात त्यांनी प्रथम स्वतःलाच साक्षीदार म्हणून उभे केले. पुढे कलेच्या खऱ्या जाणत्या स्त्रिया रंगमंचावर आल्या तेव्हा त्यांनी स्वतःचे नृत्य आवरते घेतले.

१९२७ मध्ये काँग्रेसचे अधिवेशन मद्रासला भरले. त्या निमित्ताने अखिल भारतीय संगीत परिषद झाली आणि तिच्यातून १९२८ साली मद्रासच्या म्युझिक अकॅडमीची स्थापना झाली. कृष्ण अय्यर तिच्या चिटणीसांपैकी एक होते. कर्नाटक संगीताचे संवर्धन हे संस्थेचे मुख्य उद्दिष्ट. संगीत आणि नृत्य यांची फारकत करता येत नाही, तेव्हा अकॅडमीने नृत्यालाही आपल्या व्यासपीठावर स्थान दिले पाहिजे, असा आग्रह त्यांनी धरला. न्यायमूर्ती, प्राध्यापक, वकील व डॉक्टर ज्या संस्थेचे सभासद, तिच्या मंचावर देवदासीचे नृत्य ठेवणे ही त्या काळी साधी गोष्ट नव्हती. अखेर १९३१ साली तिरुवळपुत्तूर कल्याणी यांच्या दोन कन्यांचे, राजलक्ष्मी व जीवरत्नम् यांचे, नृत्य अकॅडमीच्या विद्यमाने झाले. प्रेक्षक बेताचेच होते. नावाजलेल्या लोकांनी येण्याचे टाळले.

खरी कसोटी पुढल्याच वर्षी आली. १९३२ च्या अखेरीस बोब्बिलीचे राजे मद्रास इलाख्याचे मुख्यमंत्री झाले. त्यांच्या सन्मानार्थ झालेल्या समारंभात नृत्याचा कार्यक्रम ठेवण्यात आला. डॉ. मुथुलक्ष्मी रेड्डी यांनी वृत्तपत्रांतून त्याचा कडक निषेध केला. या बाई कोणी सामान्य टीकाकार नव्हत्या. मद्रासच्या वैद्यकीय महाविद्यालयातून उत्तीर्ण झालेल्या त्या डॉक्टर, ब्रिटिश हिंदुस्थानातील कायदेमंडळाच्या पहिल्या महिला सदस्य, आणि त्यांची स्वतःची आई देवदासी समाजातील होती. मुलींना देवाला वाहण्याची प्रथा बंद व्हावी यासाठी त्यांनी १९२७ पासून कायदेमंडळात झुंज दिली होती. देवळाची सेवा न करताही इनाम जमिनी या स्त्रियांच्या नावे राहाव्यात, असा कायदा १९२९ मध्ये त्यांच्याच प्रयत्नांनी झाला. त्या ज्या दुःखाविषयी लिहीत होत्या ते त्यांनी जवळून पाहिले होते. नृत्याला प्रतिष्ठितांचा आश्रय मिळत राहिला तर त्या प्रथेलाही आश्रय मिळत राहील, अशी त्यांची भूमिका होती.

कृष्ण अय्यरांनी त्यांना वृत्तपत्रांतूनच उत्तर दिले. मद्रासच्या ‘हिंदू’ आणि ‘मेल’ या पत्रांतून हा वाद कित्येक दिवस गाजला व इतरही अनेकांनी त्यात भाग घेतला. मुलींना देवाला वाहण्याच्या प्रथेचे समर्थन त्यांनी केले नाही. त्यांचा मुद्दा निराळा होता. प्रथा कायद्याने बंद करता येते. कला मात्र एकदा तिच्या धारकांच्या मृत्यूबरोबर गेली की कोणत्याही कायद्याने परत येत नाही. नृत्य करणाऱ्या स्त्रीस सभागृहाचा मंच, तिकीट काढून येणारा प्रेक्षक आणि जाणत्यांची समीक्षा लाभली, तर तिला कोणा धनिकाच्या मर्जीवर जगावे लागणार नाही. आणि कुलीन घरांतील मुलींनी ही कला आत्मसात केली, तर तिच्यावरील कलंक आपोआप पुसला जाईल. हा वाद आज वाचताना दोन्ही पक्ष आपापल्या जागी प्रामाणिक होते, असेच आम्हांस वाटते. एकाची दृष्टी त्या स्त्रीवर होती, दुसऱ्याची तिच्या हातापायांतील विद्येवर.

अकॅडमीने वर्षअखेरच्या आपल्या परिषदेत या प्रश्नाचा ऊहापोह करून नृत्यकलेस उत्तेजन देण्याच्या बाजूने कौल दिला. सदिर, दासीआट्टम, नाच ही निंदाव्यंजक झालेली नावे मागे पडून ‘भरतनाट्यम्’ हे नाव रूढ झाले ते याच सुमारास. या नामांतराचे श्रेय कोणाचे, याविषयी जाणकारांत मतभेद आहेत. पण ते लोकांच्या तोंडी बसविण्यात कृष्ण अय्यरांच्या लेखणीचा व वाणीचा मोठा भाग होता, हे सर्वांना मान्य आहे.

१ जानेवारी १९३३ रोजी त्याच कल्याणी-कन्यांचे नृत्य अकॅडमीने पुन्हा ठेवले. वृत्तपत्रांतील वादाने कुतूहल जागे झाले होते आणि या वेळी सभागृह तुडुंब भरले. दोन वर्षांपूर्वी रिकाम्या राहिलेल्या खुर्च्यांवर आता तेच प्रतिष्ठित नागरिक सहकुटुंब बसले होते. त्याच वर्षी वीणा धनम्माळ यांची नात, कोवळ्या वयातील बालसरस्वती, अकॅडमीच्या मंचावर नाचली. १९३४ साली ती कलकत्त्यास गेली आणि दक्षिणेबाहेरच्या रसिकांना या कलेचे पहिले अस्सल दर्शन घडले. पुढे पंदनल्लूरच्या मीनाक्षिसुंदरम् पिळ्ळै यांच्या शिष्यांचेही नृत्य अकॅडमीत झाले. हे वृद्ध गुरू तंजावरच्या त्या चार बंधूंच्या वंशातील होत. सरफोजीराजांच्या दरबारातील विद्या अशा रीतीने मद्रासच्या सभागृहात येऊन पोहोचली.

या कार्यक्रमांच्या प्रेक्षकांत रुक्मिणीदेवी अरुंडेल होत्या. थिऑसॉफिकल सोसायटीच्या कार्यात रमलेल्या या बाईंनी तोपर्यंत हे नृत्य पाहिलेले नव्हते. पाहिल्यावर त्यांना ते शिकण्याचाच ध्यास लागला. त्यांना प्रथम मैलापूरच्या गौरी अम्माळ यांच्याकडे शिकण्याची सोय करून देण्यात कृष्ण अय्यरांचे साहाय्य झाले. नंतर त्या मीनाक्षिसुंदरम् पिळ्ळै यांच्याकडे शिकल्या आणि १९३५ च्या डिसेंबरात अड्यार येथे, थिऑसॉफिकल सोसायटीच्या हीरकमहोत्सवात, त्यांनी आपले पहिले जाहीर नृत्य केले. १९३६ साली त्यांनी स्थापन केलेली संस्था पुढे कलाक्षेत्र या नावाने जगप्रसिद्ध झाली. कुलीन घरांतील मुलींनी हे नृत्य शिकावे, हे कृष्ण अय्यरांचे म्हणणे अवघ्या चार-पाच वर्षांत प्रत्यक्षात आले.

येथे चरित्रलेखकास थोडे थांबावे लागते. कला वाचली, परंतु ती ज्यांनी पिढ्यान् पिढ्या सांभाळली होती त्यांचे काय झाले? देवदासी प्रथा बंद करणारा कायदा मद्रासमध्ये १९४७ साली झाला आणि तो होणे आवश्यकच होते. मात्र सभागृहांतून जसजशा मध्यमवर्गीय मुली येऊ लागल्या, तसतशा जुन्या घराण्यांतील स्त्रिया मागे सरत गेल्या. १९३१ साली ज्यांच्यासाठी कृष्ण अय्यर झटले, त्यांच्यासारख्या नर्तकींची नावे पुढील पिढीच्या कार्यक्रमपत्रिकांतून दिसेनाशी झाली. पुरुष नट्टुवनार गुरू म्हणून टिकले, पण नर्तकींच्या लेकी-सुनांना बहुधा तोही मार्ग उरला नाही. बालसरस्वती हा ठळक अपवाद. म्युझिक अकॅडमीची संगीत कलानिधी ही पदवी १९७३ मध्ये त्यांना मिळाली व १९७७ साली त्या पद्मविभूषण झाल्या. गोमंतकातील कलावंत समाजाने केसरबाई केरकर व मोगूबाई कुर्डीकर यांच्यासारख्या गायिका दिल्या आणि त्यांच्याविषयीचा आदर महाराष्ट्राने उघडपणे व्यक्त केला. तसे भाग्य कल्याणी-कन्यांच्या वाट्यास आले नाही. वृत्तपत्रीय वादात दोन्ही पक्षांनी ज्यांच्याविषयी लिहिले, त्या स्त्रियांचा स्वतःचा आवाज फारसा ऐकला गेला नाही. या स्त्रियांच्या संघटनांनी त्या काळी आपली निवेदने दिली होती, पण त्यांच्याकडे विशेष लक्ष कोणी पुरविले नाही. कृष्ण अय्यरांनी या स्त्रियांनाच प्रथम मंचावर आणले ही गोष्ट त्यांच्या बाजूने नमूद केलीच पाहिजे. परंतु मंच मिळवून देणे आणि त्यावर टिकवून ठेवणे ही दोन वेगळी कामे आहेत. त्यांपैकी दुसरे काम अपुरे राहिले.

१९४० नंतर कृष्ण अय्यरांनी वकिलीचा व्यवसाय सोडला आणि उरलेले आयुष्य लेखनात व संघटनकार्यात वेचले. ‘इंडियन एक्स्प्रेस’ व तमिळ ‘दिनमणि’ या पत्रांतून त्यांनी संगीत, नृत्य व नाट्य यांची समीक्षा केली. कलावंतांच्या परिचयाचे त्यांचे इंग्रजी पुस्तक १९३३ सालीच निघाले होते. त्यांच्या समीक्षेचे महत्त्व वेगळ्या कारणासाठी आहे. दरबारात ज्याच्यासाठी नृत्य होई तो आश्रयदाता पिढीजात जाणकार असे. तिकीट काढून येणाऱ्या वकील-कारकुनाला मात्र अडवू कोणता, वर्णम् म्हणजे काय, पदातील अभिनय कसा पाहावा, हे कोणी तरी सांगणे जरूर होते. नवा प्रेक्षक घडविण्याचे हे काम वृत्तपत्रातील समीक्षकाने केले. मेलत्तूरच्या भागवतमेळ्याकडे, तसेच कुरवंजी या नृत्यनाट्याकडेही त्यांनी लोकांचे लक्ष वेधले. कुरवंजींपैकी एक प्रसिद्ध रचना सरफोजीराजांच्या स्तुतिपर आहे, हे आपण ध्यानात ठेवावे. तमिळनाडूतील नृत्यांवरील त्यांचा ग्रंथ १९५७ मध्ये प्रसिद्ध झाला तो बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठाच्या संगीत-नृत्य-नाट्य महाविद्यालयातर्फे. ज्या बडोद्यात तंजावरच्या नर्तकी पाऊणशे वर्षांपूर्वी येऊन राहिल्या होत्या, तेथूनच हा ग्रंथ निघावा, हा मोठा सुंदर योग होय.

मराठी वाचकाला या ठिकाणी पंडित विष्णु नारायण भातखंडे यांची आठवण झाल्यावाचून राहणार नाही. तेही वकील. त्यांनीही वकिली बाजूला सारून, घराण्यांच्या बंद कोठारांतील विद्या ग्रंथांत व शाळांत आणली. विष्णु दिगंबर पलुसकरांनी १९०१ साली लाहोरला गांधर्व महाविद्यालय काढले, ते गाणे सभ्य घरांत जावे म्हणूनच. उत्तरेकडील संगीतासाठी या दोघांनी जे केले, त्याच जातीचे कार्य दक्षिणेत नृत्यासाठी कृष्ण अय्यरांनी केले. या तिघांच्याही कार्यात लाभाबरोबर काही हानी झाली, हे अलीकडचे अभ्यासक दाखवून देतात आणि त्यात तथ्यही आहे. पण त्यांनी काहीच केले नसते तर काय उरले असते, याचाही विचार न्यायबुद्धीने करावयास हवा.

१९६६ साली भारत सरकारने कृष्ण अय्यरांना पद्मश्री देऊन गौरविले. जानेवारी १९६८ मध्ये त्यांचे निधन झाले. ‘श्रुती’ या मासिकाच्या प्रतिष्ठानतर्फे पुढे त्यांच्या नावाचे पदक कलासेवकांना देण्यात येऊ लागले.

त्यांच्या चरित्रातून घरापासून दूर राहणाऱ्या आपल्यासारख्यांना घेण्याजोगे पुष्कळ आहे. ज्या कलेचा वारसा त्यांना जन्माने मिळाला नव्हता ती त्यांनी आपली मानली आणि तिच्यासाठी झीज सोसली. आपल्या मुली आज दुसऱ्या प्रांताची कला शिकतात तेव्हा त्याही तेच करीत असतात. त्या कलेत आपल्या तंजावरच्या राजांचाही अंश आहे हे त्यांना ठाऊक असावे, तसेच तिरुवळपुत्तूरच्या राजलक्ष्मी व जीवरत्नम् कोण होत्या हेही ठाऊक असावे. मुलीच्या अरंगेट्रमच्या पत्रिकेत गुरुपरंपरेची नावे छापण्याची पद्धत आहे. त्या नावांच्या वरच्या ओळीत या विस्मृत स्त्रियांसाठी एक ओळ मोकळी ठेवता आली, तर कृष्ण अय्यरांचे अपुरे राहिलेले काम आपल्या हातून थोडे तरी पुढे जाईल.